रसूल पिंजाऱ्याचा युनूस

“नीट पाहून सांगा. हा तुमचा मुलगा आहे का?” यवतमाळहून आलेल्या साहेबांनी विचारलं.

जैनबबीनं पाहिलं. चावडीच्या भिंतीला टेकून युनूस उभा होता. भुवयांत कापसाचे तंतू अडकलेले. सकाळी एका घरच्या गादीचा कापूस पिंजता पिंजताच शिपायांनी त्याला उठवून आणलं होतं.

“नाही,” ती म्हणाली. “हा माहा नाही.”

सरपंच पंजाबराव जमिनीकडे बघत राहिले. हा कोणी कामाला आलेला माणूस आहे, कुठला ते ठाऊक नाही, असं त्यांनी आधीच सांगून टाकलं होतं. युनूसला ते पाळण्यात असल्यापासून ओळखत होते.

रसूल पिंजारी वारला तेव्हा पोरगा सोळा वर्षांचा होता. मामा कराचीला निघाला. तिथं गिरणीत काम मिळतं म्हणाला, आणि युनूस त्याच्यामागे गेला. कराची दुसऱ्या देशात आहे हे त्याला माहीत होतं. तिथं गेलो की आपणही त्या देशाचे होऊ, हे काही त्याच्या डोक्यात आलं नव्हतं. सात वर्षांनी आईला बघायला यायचं ठरवलं तेव्हा पासपोर्ट लागतो असं कळलं. मिळाला तो पाकिस्तानचा. तीन महिन्यांसाठी म्हणून तो दिग्रसजवळच्या आपल्या गावी आला आणि परत गेलाच नाही. पासपोर्ट जैनबबीनं चुलीत घातला. गावाला त्यात काही वावगं वाटलं नाही. नुकताच त्यांचा जिल्हा मध्य प्रदेशातून मुंबई राज्यात गेला होता. कोणी जागचं हललं नव्हतं आणि राज्य बदललं होतं.

वर्षभरानं हुकूम आला. मुदत संपूनही राहिलेला पाकिस्तानी इसम, नाव युनूस, बापाचं नाव रसूल, शोधून सीमेपार पाठवावा.

आदल्या दिवशी पोलीस ठाण्यातला बाबूसिंग जमादार जैनबबीच्या ओट्यावर येऊन बसला होता. तो शेजारच्याच तांड्यातला. इंग्रजांनी तांड्यातली सगळी जमातच गुन्हेगार ठरवली होती; त्यांच्या काळात त्याचा बाप रोज संध्याकाळी याच चावडीत हजेरी द्यायचा. चोरी केली म्हणून नव्हे, तांड्यात जन्मला म्हणून.

“चाची, कागद जळला. फोटो सायबापाशी नाही,” तो म्हणाला होता. “आता तू नाही म्हटलं का मिटलं. दुसरं काही बोलू नको.”

तेवढंच तिनं चूल पेटवताना, पाणी भरताना घोकलं होतं. आणि आता बोलूनही झालं होतं.

साहेबांना ऊन चढायच्या आत परतायचं होतं. त्यांनी युनूसकडे मान वळवली. “ठीक आहे. मग तू कोण? बापाचं नाव सांग.”

नाव बाबूसिंगनंच ठरवून दिलं होतं. बाभुळगावच्या कोणा मेलेल्या माणसाचं. युनूसनं तोंड उघडलं आणि मिटलं. बाबूसिंग खाकरला. मग युनूस बोलला, पण साहेबांकडे बघून नाही. आईकडे बघून.

“तिथं मले हिंदुस्तानी म्हणत. इथं पाकिस्तानी म्हणतेत. आता मी इचाबी नाही असं म्हणलं, तं मी होय तरी कोणाचा?”

“म्हणजे?” साहेबांनी विचारलं.

“रसूल पिंजाऱ्याचा युनूस होय मी, सायेब. हे माही माय.”

“ही बाई नाही म्हणते आहे. पुन्हा विचार कर.”

युनूसनं पुन्हा तेच सांगितलं. बाबूसिंगनं डोळे मिटून घेतले.

जैनबबीला आधी राग आला. हाताशी आलेलं पोरानं सांडून टाकलं होतं. मग तिच्या लक्षात आलं, काय बोलायचं ते सगळ्यांनी मिळून ठरवलं, त्याला मात्र कोणी विचारलं नव्हतं.

दुपारच्या बसनं त्याला नेलं. सोबत बाबूसिंगलाच पाठवलं. जैनबबी थांब्यावर गेली नाही. ज्याला आपण ओळखत नाही म्हणून चारचौघांत सांगितलं, त्याला निरोप द्यायला कसं जायचं, ते तिला कळेना.

काही आठवड्यांनी, कापसाच्या गाड्या सरकी काढायला दिग्रसच्या जिनाकडे लागल्या होत्या तेव्हाची गोष्ट. जैनबबी अंगणात जुन्या गादीचा कापूस उन्हाला पसरत होती. फाटकाशी दोन माणसं येऊन उभी राहिली. पुढे बाबूसिंग, वर्दी धुळीनं माखलेली. मागे युनूस, पार वाळलेला.

“राजस्थानात सरहद्दीवर नेलतं, चाची,” बाबूसिंग म्हणाला. “तिकडचे शिपाई म्हणे, पासपोर्ट दाखवा. नाही तं हा आमचा नाही. आमी तिथंच वाळूत बसून राह्यलो. ना ते आत घेत, ना आपले वापस घ्याले तयार.”

“मंग?”

“मंग काय. यवतमाळचे सायेब म्हणे, हा कोणत्या देशाचा त्याचा निकाल लागेपर्यंत गावातच ठेवा. दर आठवड्याले ठाण्यात हजेरी. अन् तोवर कोणाच्या तरी हवाली करा.” बाबूसिंगला तिच्याकडे बघवेना. “तू तं चावडीत नाही म्हटलं हायेस, ते कागदावर हाय. तिकडचं सरकार म्हणते आमचा नाही, इकडचं म्हणते आमचा नाही. सांग चाची, कोणाच्या हवाली करू?”

जैनबबीनं पदराला हात पुसले आणि फाटक उघडलं.

“माह्या,” ती म्हणाली.