डावी बाजू

तिसऱ्याच वाक्याला तिने ओळखलं, ही भाषा तिची होती.

खाली सभागृहात तिचा थोरला भाऊ उभा होता. एक हात कोटाच्या खिशात, दुसऱ्या हातात कागद. वर बायकांसाठी राखलेल्या गॅलरीत ती कठड्याला खेटून बसली होती. स्त्रियांना वकिलीची सनद द्यावी, या विधेयकावर चर्चा चालू होती. दादा बाजूने बोलणार, हे दारावरच्या शिपायालासुद्धा ठाऊक होतं. तो शहरातला नावाजलेला वकील आणि दुसऱ्यांदा निवडून आलेला सभासद. त्याने शब्द टाकला की काठावरची मतं आपोआप सरकायची.

भाषणाची तयारी तिनेच करून दिली होती. त्याच्या सगळ्याच खटल्यांची करायची. कायद्याची परीक्षा ती पहिल्या वर्गात पास झालेली. पण बाईला सनद नाही, म्हणून कोर्टात दादाच्या मागच्या खुर्चीवर बसायची. तो अडला की मान जराशी मागे वळवायचा आणि ती हळूच कलम सांगायची. इतर वकील थट्टा करायचे, "साहेबांची मान वळली की समोरच्याने समजावं, आपलं काही खरं नाही." दादाही त्यावर खो खो हसायचा.

या भाषणासाठी तिने कागदाच्या डाव्या बाजूला विरोधकांचे आक्षेप लिहिले होते, त्यांच्या तोंडी शोभतील अशा ठसक्यात. उजव्या बाजूला त्यांची उत्तरं.

दादा फक्त डावी बाजू वाचत होता.

"उलटतपासणी घेणं बाईच्या जातीला झेपायचं नाही. आणि आई कोर्टात भांडत बसली, तर घरी पाळणा काय न्यायाधीशांनी हलवायचा?"

सभागृहात हशा पिकला. हे वाक्य लिहिताना तिलाही हसू आलं होतं. "कोणीतरी हे म्हणणारच बघ, दादा," असं ती म्हणाली होती.

आता उत्तरं येतील, म्हणून ती वाट पाहत राहिली. दादा खाली बसला. विधेयक अगदी थोडक्या मतांनी पडलं.

बाहेर पायऱ्यांवर तिने त्याला गाठलं. तोवर तिने त्याच्यासाठी मनातल्या मनात सबबी शोधून ठेवल्या होत्या. पक्षातल्या वडीलधाऱ्यांनी दम दिला असेल. मंत्रिपदाचं गाजर दाखवलं असेल.

"कोणाचा दबाव होता, दादा?"

"अगं, राजकारणात असं करावं लागतं. पुढच्या खेपेला बघू." तो घाईघाईने टोपी घालत म्हणाला, "बरं, त्या गिरणीच्या अपिलाचं टाचण झालं ना?"

परगावच्या मुलींच्या कॉलेजातून शिकवायला या म्हणून तिला कधीचं बोलावणं होतं. पायऱ्यांवरूनच ती तडक तारघरात गेली आणि होकार कळवून आली.

सकाळी ती ट्रंक भरत होती. वहिनी कपड्यांच्या घड्या करून देत होती. शेवटची घडी तिच्या हातात ठेवून वहिनी खालच्या आवाजात म्हणाली, "जा. आणि यांच्या सांगण्यावरून मी बोलावलं तरी येऊ नकोस."

दादा दारात येऊन उभा राहिला. आधी चिडला, मग समजावू लागला, मग त्याचा आवाज अगदीच उतरला. "अपील तोंडावर आलंय गं. असं ऐन वेळी सोडून जातेस?"

बाहेर घोडागाडी येऊन थांबली. तिने ट्रंकेचं झाकण लावलं.

"एकच सांग, दादा. काल जे बोललास, ते तुला खरंच पटतं? बाईला वकिली झेपत नाही?"

"झेपत नाही?" तो एकदम उसळला. "वेडी आहेस का? तुला सनद मिळाली असती, तर माझ्या दाराशी कुत्रं तरी फिरकलं असतं का?"