एक दिवस थांबेल

हेरंबच्या दहाव्याला पिंड मांडून तास झाला, तरी कावळा शिवेना.

"मृणाल, त्याची काही इच्छा राहिली होती का गं?" थोरल्या दिरांनी विचारलं.

तेवढ्यात तिच्या पर्समधून हेरंबच बोलला, "बीज नळीत आलंय. एक दिवस थांबेल."

सगळे दचकले. मृणालच्या बंद पडलेल्या गर्भनलिका काढून प्रयोगशाळेत वाढवलेली नळी बसवली, तेव्हा बीज आलं की नळीकडून फोनवर येणारी ही सूचना त्यानं हौसेनं स्वतःच्या आवाजात भरली होती. तो गेला, हे नळीला कोण सांगणार?

मृणाल पिंडापाशी गेली. "आता थांबू नकोस," म्हणाली आणि तिनं तो आवाज पुसून टाकला.

कावळा शिवला. मंडळी आंघोळीला वळली. तिच्या पोटात मात्र बीज वाट बघत थांबलंच होतं.