वेंडलची टोपी

“पोरी, आपल्या हसवायच्या धंद्यात माणूस ‘वाचवा’ म्हणून ओरडला की लोक हसतात,” स्टुडिओतलं सामान सांभाळणारा म्हातारा ऑटो मला म्हणाला होता. “नवऱ्याशी एखादी खूण ठरवून ठेव.”

“अहो, तळ्यात छातीइतकं तर पाणी!” मी म्हणाले.

प्रसंग साधा होता. माझा नवरा वेंडल नावेत गुडघा टेकून नायिका झालेल्या लोरेटाला मागणी घालणार, नाव उलटणार आणि तो मुलीला सोडून आधी स्वतःची टोपी वाचवणार. प्रत्येक चित्रपटात तो टोपीच वाचवायचा. त्यावरच आमचं घर चालायचं.

नाव उलटली. लोरेटा झगा पिळत चालत काठावर आली. वेंडल मागेच राहिला. हात वर, तोंड उघडं, मग पाण्याखाली. पुन्हा वर.

“वा! अजून!” दिग्दर्शक मॅकनल्टी कर्ण्यातून ओरडला. “डोळे मोठे कर, गाढवा!”

कॅमेऱ्याचं हँडल फिरत होतं. सगळे हसत होते. मीही हसले, खोटं कशाला बोलू. मी हसले म्हणून कडेवरची आमची नेलीही हसली.

टोपी त्याच्या हाताशी तरंगत होती. त्याने तिच्याकडे पाहिलंसुद्धा नाही. न ठरवलेली खूण तीच होती.

नेलीला ऑटोच्या हातात कोंबून मी पाण्यात धावले. विदूषकाचे ते लांबलचक बूट गाळात रुतले होते, नाड्या घोट्याशी करकचून बांधलेल्या. धडपडेल तसा तो आणखी खाली जात होता.

“कॅमेरा थांबवू नका!” मागून मॅकनल्टी. “प्रेमवीराची बायको आली रे!”

नाड्या सोडवून मी त्याला काठावर ओढून आणलं, तेव्हा वेंडलने पाणी ओकलं. डोळे उघडले.

“लोक हसले का गं?”

चित्रात ते सगळं तसंच ठेवलंय. पडद्यावर आवाज नसतो. लोक पोट धरधरून हसतात.

चित्र लागेल त्या प्रत्येक गावी वेंडल खेळाला जातो, शेवटच्या रांगेत बसतो. नाव उलटली की उठून बाहेर जातो म्हणे. नेलीला टाकून मला त्याच्यामागे जाता येत नाही. पुढच्या आठवड्यात चित्र तुमच्याकडे लागेल. मागून एखादा हडकुळा माणूस उठला, तर हसणं संपायची वाट बघू नका. बाहेर जाऊन बघा. त्याच्या हातात टोपी आहे ना, एवढंच बघा.