खंडेनवमीची प्रेस

खंडेनवमी म्हणून भोसरीच्या त्या वर्कशॉपमधल्या पत्रा कापणाऱ्या सगळ्या प्रेस धुऊनपुसून, झेंडूच्या माळा घालून बंद ठेवल्या होत्या. पूजा झाली आणि भिंतीवर वर्षालीचा व्हिडिओ सुरू झाला. प्रेसचे ठोके रेकॉर्ड करून तिने त्यांचंच इलेक्ट्रॉनिक संगीत बनवलं होतं. कामगाराच्या पोरीने आपल्या कंपनीवर काहीतरी केलंय, म्हणून मालक जयसिंगशेठ पेढा चघळत मान डोलावत होते.

मग हात आले. भिंतभर नुसते हात, प्रत्येक ठोक्याला एक. कुणाचं एक बोट नाही, कुणाची दोन नाहीत. शेवटी तिच्या वडिलांचा, ज्योतीरामचा, तीन बोटं गेलेला हात. तोच पुन्हा, पुन्हा, आणि ठोके वाढतच चालले.

शेठची मान थांबली. "हे काय लावलंय सणाच्या दिवशी?"

"तुमच्याच मशीनचं संगीत आहे, शेठ," वर्षाली म्हणाली.

"बोटं यांच्या चुकीनं गेली! दोन हातांनी दोन बटणं दाबल्याशिवाय प्रेस खाली येत नाही. काम भरभर उरकायला एक बटण दाबून तारेनं बांधून ठेवायला कुणी सांगितलं होतं? मला तर माहीतही नव्हतं!"

चोर तो चोर, वर शिरजोर. अपघाताच्या चौकशीतही शेठ हेच बोलले होते आणि नोकरीसाठी ज्योतीरामने ते गिळलं होतं. आज पोरीसमोर ऐकताना त्याच्या तळपायाची आग मस्तकात गेली.

"बंद कर ते!" शेठ ओरडले. वर्षाली हलली नाही. "अरे, प्रेस तरी चालू करा कुणी. तो आवाज दाबून टाका!"

"आज मशीनला हात लावत न्हाईत, शेठ," ज्योतीराम म्हणाला. बाकीचेही हाताची घडी घालून उभे राहिले.

शेठ तणतणत स्वतःच प्रेसपाशी गेले. मोटर सुरू केली. एका हातात पेढ्यांचा बॉक्स होता, तो तसाच राहिला. दुसऱ्या हाताने त्यांनी माळ बाजूला सारली आणि एकच बटण दाबलं. कुठलं बांधलंय आणि कुठलं मोकळं आहे, हे त्यांना शोधावं लागलं नाही.

प्रेस धाडकन खाली आली.

सगळे शेठच्या हाताकडे बघत राहिले. वर्षालीने मोबाइल वर धरला.

"शेठ, परत एकदा दाबा," ज्योतीराम म्हणाला. "पोरीला नीट दिसलं न्हाई."