धुतलेले ब्रश

स्वयंपाकघरातल्या टेबलावर टॉवेल पसरला होता आणि त्यावर सतरा ब्रश ओळीने वाळत घातले होते. ते पाहून लीडा दारातच थबकली. बारा वर्षांच्या संसारात हेल्दुरने आपणहून एकही ब्रश धुतला नव्हता. टर्पेंटाइनच्या बरणीत खुपसून मोकळा व्हायचा. घरभर वास. लीडाने कितीही डोकं आपटलं तरी ढिम्म.

तिने नळ सोडला. सोव्हिएत राजवटीतल्या ताल्लिनच्या या नव्या इमारतींत भिंती ऐकतात, असं सगळेच धरून चालायचे. मनातलं बोलायचं तर पाणी वाहतं ठेवून.

“कोणी धुतले?”

“मीच.” तो दाढीचं सामान पिशवीत भरत होता.

“का?”

“घाण झाले होते.”

“बारा वर्षं घाणच होते, हेल्दुर.”

त्याने वस्तरा रुमालात गुंडाळला. उद्या सकाळी तो इटलीला निघणार होता, कार्टून फिल्मच्या महोत्सवाला. दहा दिवस. त्याच्या स्टुडिओच्या फिल्ममधल्या सशांमागचं जंगल त्याने रंगवलं होतं, आणि मॉस्कोला ते जंगल फार आवडलं होतं. त्याची स्वतःची चित्रं मात्र कुठल्याच प्रदर्शनात घेत नसत. ती पलंगामागे, भिंतीकडे तोंड करून उभी होती.

दुपारी स्टुडिओच्या कर्मचारी विभागातला आर्वेद आला. लीडाची सही घ्यायची तेवढी राहिली होती. नवरा परत येईल याची मला खात्री आहे, असा कागद. तिने कॉफी ठेवली, काळ्या पावावर खारवलेले मासे मांडले. आर्वेदने खाता खाता सगळ्या घरावरून नजर फिरवली आणि ती टेबलाच्या दुसऱ्या टोकाला येऊन थांबली.

“वा, वहिनी! घर आहे की दवाखाना?” त्याने एक ब्रश उचलून त्याचे केस बोटाने चाचपले. “स्टुडिओत या गड्याच्या नावाने सफाईवाल्या बायका बोटं मोडतात. आणि घरी एवढा टापटिपीचा? कधीपासून रे, हेल्दुर?”

हेल्दुरचा चेहरा पांढरा पडला. त्याच्या मनात काय आहे ते नुसतं पाहूनही कोणालाही कळलं असतं.

गेल्या वर्षी स्टुडिओतला एक कॅमेरामन हेलसिंकीहून परतलाच नव्हता. त्याची बायको शाळेत शिकवायची, ती आता कपड्यांच्या गिरणीत झाडू मारत होती. लीडाही शाळेतच शिकवत होती. आणि त्यांची मुलगी मार्ये अकरा वर्षांची होती. बाप पळाला तर पुढे कुठलं विद्यापीठ तिला दारात उभं करणार? लीडाला हेल्दुरचा संताप आला. एक शब्द बोलली असती तर त्याचं जाणं जागच्या जागी थांबलं असतं.

“मी धुतले,” ती म्हणाली. “दहा दिवस हा नाही. म्हटलं, तेवढा वास तरी जाऊ दे घरातला.”

“हं.” आर्वेद तिच्याकडे बघत राहिला. “मग तुमचे हात कसे स्वच्छ, वहिनी? नखांत रंग कसा नाही?”

“तुमची बायको भांडी घासल्यावर हात धूत नाही वाटतं?”

आर्वेद खो खो हसला. त्याने कागद पुढे सरकवला. लीडाने वाचला आणि सही केली. 

दार लागलं. जिन्यावरची पावलं थेट खालपर्यंत गेली. मग हेल्दुर मोठ्याने म्हणाला, “लीडा, मी परत येणार आहे.”

नळ बंद होता. तो हे आपल्याला सांगतोय की भिंतींना, ते तिला कळेना.

“मी कुठे विचारलं तुला?” ती म्हणाली. “मला नकोच सांगू. तीन वाजता मार्ये शाळेतून येईल. तिला समोर बसव आणि तिच्याकडे बघून सांग. मग माझं काही म्हणणं नाही.”

हेल्दुरने घड्याळात पाहिलं. पावणेतीन झाले होते. स्टुडिओत जरा काम राहिलंय, असं पुटपुटत तो उठला आणि बूट घालू लागला.