विचारायचं राहून गेलं

“लाजू नका, बाई. पोट दुखलं तर सांगता ना? तसंच हे,” म्हणत डॉक्टरिणीने दार लावून घेतलं.

शिंपीणबाई खुर्चीच्या टोकावर बसल्या होत्या, पळायच्या बेतात. वय साठीला टेकलेलं. जन्मभर बायकांची मापं घेतली, कधी संकोच वाटला नाही. आज मात्र वाटला.

“घर मोडायला आलंय,” त्या कशाबशा म्हणाल्या. “भांडण नाही, व्यसन नाही. पण अंथरुणात बाईच्या वाट्याला काहीच येत नाही. दोष माझा. मीच तोंडाला कुलूप लावून बसले.”

“घरोघरी मातीच्याच चुली!” डॉक्टरिणीने कागदावर आकृती काढली. “ही शिश्निका. दिसायला एवढीशी, पण बाईचं सुख बरंचसं इथे. नुसत्या संभोगाने पुष्कळजणींना काही होत नाही. म्हणून घाई नको. आधी गप्पा, कुरवाळणं, हात हलका. त्यांनी विचारायचं, बरं वाटतंय का? त्यांचा हात धरून तुम्ही दाखवायचं. नको म्हटलं की थांबायचं. आणि सुख झाल्याचं नाटक मुळीच नाही.”

“विचारायचं?”

“गिऱ्हाईक कपडा घालून बघतं तेव्हा विचारत नाही तुम्ही, काखेत काचतंय का?”

“दहादा विचारते.”

“मग इथेच काय अंगावर पाल पडते?”

शिंपीणबाई खुदकन हसल्या, आणि हसता हसता डोळे भरून आले. कपड्यासाठी दहादा, अन् या गोष्टीचा जन्मात एकदाही उच्चार नाही! देवाने देह दिला, त्यात गोडी घातली. आपण ती चोरीच्या मालासारखी झाकून ठेवली.

“पुढच्या वेळी मालकांना आणा.”

“नाही येणार.”

“पुरुषांना मेली भारी लाज! मग तुम्हीच बोला. पोटभर जेवण झाल्यावर, आरोप न करता.”

वाटेत त्यांनी चारदा वाक्य जुळवलं, चारदा उसवलं. घरी आल्यावर ताट वाढलं. मान खाली घालून तो जेवत होता. चार दिवसांत धड बोलला नव्हता. त्याने हात धुतले तशा त्या समोर बसल्या.

“हे तुला आधीच सांगायला हवं होतं,” त्या म्हणाल्या. “चुकलंच माझं.”

तो उठू लागला. त्यांनी मनगट घट्ट धरलं.

“बस, बाळा. सूनबाई माहेरून परत यावी असं वाटत असेल, तर आज आईची लाज धरू नकोस.”