आरशातल्या मुंडावळ्या

"आरशा, माझ्या मनात कोण?" मैत्रिणीने, रंजनाने पैज लावलेली, म्हणून मी भेस्तानच्या आमच्या खोलीत भरदुपारी मोठ्याने विचारलंच. हा आरसा म्हणे बघणाऱ्याच्या मनातलं दाखवतो!

आरशात मी एकटीच, हातात दहावीचं पुस्तक. मला हसूच आलं.

तेवढ्यात कारखान्यातून आलेले पप्पा मागे उभे राहून भांग पाडू लागले. आरशातल्या माझ्या कपाळावर मुंडावळ्या आल्या. मी कपाळ चाचपलं. काहीच नव्हतं.

"पप्पा, माझी सुपारी फोडून आलात?"

कंगवा थांबला. "तुले कोनी सांगं?"

दारात उभ्या आईने नजर चुकवली. म्हणजे मला सोडून सगळ्यांना ठाऊक!

मी बोलू लागले, तरी आरशातल्या, पप्पांच्या मनातल्या मुलीचे ओठ मिटलेलेच राहिले.

"आई, पप्पा, मी मार्चमध्ये परीक्षेला बसणार आहे. मांडवात नाही!"